तीन नवरदेव आणि ठिकऱ्यांचा ढीग

लिंडेनरोडाच्या चिनीमातीच्या कारखान्यात आल्वीना ट्रेगर बशांच्या काठावर सोनेरी रेघ ओढायची. काम सांगायला सोपं होतं. फिरत्या चकतीवर बशी ठेवायची, कुंचला धरलेला हात जरासुद्धा हलू द्यायचा नाही आणि बशीलाच फिरू द्यायचं. रेघ जिथे सुरू झाली तिथेच येऊन मिळाली पाहिजे. शाळा सुटल्यापासून ती हेच करत आली होती आणि आता चाळिशी उलटली होती. आपण हलायचं नाही, ही सवय हळूहळू तिच्या स्वभावातही उतरली होती. समोरचा फिरत फिरत आपणहून जागेवर येईल, अशी वाट बघत ती बसायची. बशांच्या बाबतीत ते जमायचं. एमिल झाप्फच्या बाबतीत जमत नव्हतं.

एमिल झाप्फ गावाची धुराडी साफ करायचा. काळा कोट, त्यावर पितळी बटणांच्या दोन ओळी, डोक्यावर उंच काळी हॅट, खांद्यावर शिडी. सकाळी धुराडेवाला दिसला आणि त्याच्या बटणाला बोट लावलं की दिवस चांगला जातो, म्हणून लोक त्याला भर रस्त्यात थांबवायचे. लग्न असलं की मुद्दाम बोलावणं यायचं. त्यानं चर्चच्या दारात उभं राहायचं, नवरीनं येता येता बटणाला हात लावायचा, मग त्याला मागच्या टेबलावर वाटीभर सूप आणि भाजलेलं सॉसेज. गावातल्या निम्म्या संसारांना त्याच्या बटणाचा आशीर्वाद होता. तो स्वतः पन्नाशीला टेकला तरी बिनलग्नाचाच राहिला होता.

दर रविवारी तीनच्या सुमाराला तो आल्वीनाकडे कॉफीला यायचा. लढाईच्या आधी यायचा, लढाईवरून परत आल्यावर पुढच्याच रविवारी आला, जणू मधे काही झालंच नव्हतं. चेहरा साबणानं घासून लाल केलेला असायचा, तरी कानामागे थोडी काजळी राहिलेलीच. केकचे दोन तुकडे खायचा, तिसऱ्याला नको म्हणायचा आणि मग तोही खायचा. बोलायचा ते धुराड्यांबद्दल. कोणाचं चोंदलंय, कोणाच्यात कावळ्यांनी घरटं केलंय, पाद्रीबुवांचं कसं सरळ आहे आणि बेकरवाल्याचं कसं वाकडं. पाच वाजले की उठायचा आणि अजूनही 'फ्रॉइलाइन', म्हणजे कुमारी, असं संबोधून म्हणायचा, "बरं मग, फ्रॉइलाइन ट्रेगर..."

त्या 'बरं मग'च्या पुढे काहीतरी येईल म्हणून आल्वीना दार धरून उभी राहायची. पुढे फक्त जिना उतरल्याचा आवाज यायचा.

त्या वर्षी उन्हाळ्यात तिच्या बहिणीनं, बर्टानं, गेऱ्याहून बोलावणं पाठवलं. बर्टाच्या नवऱ्याचं किराणामालाचं दुकान होतं आणि घरात पोरं पुष्कळ. 'तिथे एकटी काय करतेस? इथे ये, मुलांना बघ, तुला खोली देते.' आल्वीनानं ही गोष्ट मुद्दाम रविवारी, केकचा दुसरा तुकडा वाढताना सांगितली.

एमिल बराच वेळ चावत राहिला. मग म्हणाला, "गेऱ्यातली धुराडी चांगली बांधलेली आहेत. नवी आहेत बहुतेक."

आल्वीना उठून आत गेली आणि धुतलेल्या बशा तिनं पुन्हा धुतल्या. दुसऱ्या दिवशी बर्टाला होकार कळवला. सप्टेंबरातल्या एका सोमवारी, सकाळच्या आगगाडीनं निघायचं ठरलं. तेही तिनं एमिलला सांगितलं. तो म्हणाला, "ती गाडी बरी. गर्दी नसते." त्याच्या मनात तिच्याबद्दल काहीच नव्हतं असं तिला वाटत नव्हतं. पण या वयात आपल्याला कोणी हसेल, या भीतीनं माणूस किती वर्षं केक खात बसू शकतो, हे तिला आता कळून चुकलं होतं.

तिच्या निघण्याला आठवडा राहिला असताना बर्लिनहून सिनेमावाले आले.

ते दिवस मूकपटांचे. प्रेमाचं आणि लग्नाचं विनोदी चित्र काढायचं होतं. गोष्ट अशी होती: भांड्यांच्या व्यापाऱ्याची एक मुलगी. तिला कोणालाच 'नाही' म्हणता येत नाही. तीन जण मागणी घालतात, ती तिघांसमोर लाजून मान डोलावते आणि तिघांनाही वाटतं, आपलं ठरलं. लग्नाच्या आदल्या संध्याकाळी वधूच्या दारात शेजाऱ्यांनी भांडी फोडायची आणि वधूवरांनी मिळून ठिकऱ्या झाडायच्या, ही आमच्याकडची रीत. चित्रात त्या संध्याकाळी तिन्ही नवरदेव एकाच वेळी हातात खराटा घेऊन तिच्या दारात हजर होतात.

फोडायला गाडीभर भांडी लागणार होती आणि लिंडेनरोडात वाया गेलेल्या मालाला तोटा नव्हता, म्हणून ते आमच्या गावाला आले. भट्टी आळीतलं आल्वीनाचं हिरवं दार दिग्दर्शकाला आवडलं. ल्युडेके त्याचं नाव; सगळे त्याला हेर, म्हणजे श्रीयुत, ल्युडेके म्हणायचे. गोल, घामट माणूस, हातात कर्णा. तो आल्वीनाला म्हणाला, "बाई, एका दिवसापुरती या दारात नवरी उभी करतो. तुमची हरकत नाही ना?"

"मी कशाला हरकत घेऊ?" आल्वीना म्हणाली. "दाराला तेवढाच बदल."

मंगळवारी भर दुपारी 'संध्याकाळ' झाली, कारण सगळं काम उन्हातच चालायचं. सगळी आळी फोडायला जमली. जन्मभर भांडं फुटू नये म्हणून श्वास रोखून काम केलेली माणसं ती. आधी बिचकत बिचकत बशा टाकत होती.

"जोरात!" ल्युडेके कर्ण्यातून ओरडला. "सासूबाईंनी दिलेली आहेत असं समजा!"

मग मात्र कोणी मागे राहिलं नाही. टवका उडाला म्हणून पगार कापणाऱ्या मुकादमानं दोन्ही हातांनी सुपाचं मोठं भांडं आपटलं आणि पोरासारखी उडी मारली. आल्वीनाच्या खाली राहणाऱ्या क्नोरबाई कमरेच्या दुखण्यानं महिनाभर वाकल्या होत्या, त्या ताठ उभ्या राहून किटल्या भिरकावत होत्या. आल्वीनानं ढिगातली एक बशी उचलून बघितली. काठाची रेघ वाकडी होती, शेजारच्या टेबलावरच्या मेटाच्या हातची. तीच तिनं फोडली.

मग तिन्ही नवरदेव खराटे घेऊन तीन दिशांनी धावत आले. त्यातला तिसरा, जाडा, ठिकऱ्यांवरून घसरला आणि सगळ्या वजनानिशी ढिगावर बसला. बघणारे हसून हसून लोळले. ल्युडेकेही म्हणाला, "वा! हे ठेवू या!" पण जाडा उठेना तेव्हा कळलं की हे गोष्टीतलं नव्हतं. त्याला पालथा घालून हातगाडीवरून डॉक्टरांकडे नेलं. मागोमाग नवरी रडत गेली, कॅमेरावाला गेला, ल्युडेकेही गेला. झाडण्याचा प्रसंग राहूनच गेला. आणि आल्वीनाच्या दारात गुडघाभर उंच ढीग पडून राहिला.

हा ढीग झाडायचा कोणी?

बुधवारी सकाळी सगळी आळी त्याभोवती उभी होती. हात मात्र कोणी लावेना, कारण लग्नाच्या ठिकऱ्या वधूवरांखेरीज दुसऱ्यानं झाडणं अशुभ.

"मी झाडलं तर माझ्या नवऱ्याला दुसरी बायको मिळेल," क्नोरबाई म्हणाल्या.

"तुमच्या नवऱ्याला? कोण घेणार त्यांना?" समोरच्या खिडकीतून आवाज आला.

"ते खरं, पण उगाच कशाला परीक्षा बघा?"

"अहो, हे खोटं लग्न होतं. सिनेमातलं," आल्वीना म्हणाली. "खोट्या लग्नाचं कसलं आलंय शुभ नि अशुभ?"

"लग्न खोटं असेल, पण बशा तर खऱ्या फुटल्या ना?" क्नोरबाई म्हणाल्या. "आणि तू तर मुळीच झाडू नकोस गं. बिनलग्नाच्या बाईनं एकटीनं ठिकऱ्या झाडल्या की ती जन्मभर एकटीच झाडत बसते."

नगरपालिकेचा झाडूवाला गोटलोब आला, ढिगाकडे बघून टोपी काढून डोकं खाजवलं आणि म्हणाला, "मला रस्त्यावरचा कचरा उचलायचा पगार आहे. हा लग्नातला आहे." पाद्रीबुवांना विचारलं तर ते हसले. हे सगळं अडाणीपण आहे, देवाच्या घरी असलं काही नसतं, असं म्हणाले. मग खराटा पुढे केल्यावर त्यांना एकदम कोणीतरी आजारी असल्याची आठवण झाली.

तर ढीग तसाच राहिला. दूधवाल्याचा घोडा तिथे येऊन अडायचा. आल्वीना भिंतीला चिकटून, स्कर्ट धरून, आडवी चालत घराबाहेर पडायची.

शनिवारी डोंगरावरची अंडीवाली पाठीला करंडी लावून आली. तिला सिनेमाचं काहीच ठाऊक नव्हतं. तिनं ढीग बघितला, वर खिडकीत आल्वीना बघितली आणि दोन्ही हात कपाळाला लावले.

"अगं बाई! फ्रॉइलाइन ट्रेगर! कधी ठरलं? आणि एवढा मोठा ढीग? माझ्या लग्नात चार बशा फुटल्या होत्या, त्यातल्या दोन मीच फोडल्या!"

"तसं काही नाहीये, मावशी, ते सिनेमावाले..."

"लाजू नकोस. या वयात लाजायला वेळ कुठाय?" अंडीवालीनं एक मोठं अंडं खालच्या खिडकीच्या कठड्यावर ठेवलं, आहेर म्हणून, आणि ती निघून गेली. डोंगरावर, आपल्या गावी. त्याच गावात त्या आठवड्यात एमिल झाप्फ धुराडी साफ करत होता. सोमवारपासून तो वरच्या गावांच्या फेरीवर होता. सिनेमातला 'सि' त्याच्या कानावर आलेला नव्हता.

रविवारी आल्वीनानं ट्रंकेला दोरी बांधली. प्लमचा केक परातीत लावून बेकरवाल्याच्या भट्टीत भाजून आणला. शेवटचा म्हणून साखर जरा जास्तच पेरली. आज तो 'बरं मग' म्हणेल आणि आपण दार लावू. उद्या सकाळी गाडीत बसू. रडायचं असेल तर ते गाडीत, असं तिनं ठरवलं होतं.

तीन वाजायच्या आधीच आळीत कुजबूज सुरू झाली. तिनं खिडकी उघडली. एमिल झाप्फ येत होता, पण रविवारच्या कपड्यांत नाही. आठवडाभराची काजळी अंगावर, खांद्यावर शिडी, तोंडावर फक्त डोळे पांढरे. डोंगरावरून थेट चालत आला होता. रविवारी कामाच्या कपड्यांत रस्त्यावर! खिडक्या पटापट उघडल्या, कठड्यांवर उशा आल्या, उशांवर कोपर टेकले.

एमिल ढिगासमोर थांबला. मग त्यानं हॅट काढली.

"अभिनंदन, फ्रॉइलाइन ट्रेगर," तो म्हणाला. अंत्ययात्रेत बोलतात तसा.

आल्वीनाच्या सगळं लक्षात आलं. तिनं खरं सांगायला तोंड उघडलंही होतं. पण गेऱ्यातली नवी धुराडी तिला आठवली आणि तिनं तोंड मिटून पुन्हा उघडलं.

"आभारी आहे, हेर झाप्फ."

"कोण आहे तो?"

"एक नाही. तीन होते."

शेजारच्या खिडकीत कोणीतरी खोकलं. आल्वीनानं नुसतं तिकडे बघितलं आणि खोकला थांबला.

"तीन?" एमिल म्हणाला.

"तिघंही खराटा घेऊन आले होते. विचारा हवं तर क्नोरबाईंना."

"आले होते हो," क्नोरबाई खालच्या खिडकीतून म्हणाल्या. त्यांचा चेहरा हसू दाबून जांभळा झाला होता. "धावत आले होते. एकाला तर डॉक्टरकडे न्यावं लागलं."

एमिलनं हे सगळं मनाशी जुळवून बघितलं. "म्हणजे... तिघांपैकी कोणाशी ते अजून ठरलं नाही?"

"ठरलं असतं तर ढीग राहिला असता का इथे?" आल्वीना म्हणाली. "मी उद्या सकाळी गेऱ्याला निघालेय. तुम्हाला काही बोलायचं असेल तर बोला. इथूनच बोला."

सगळ्या आळीनं श्वास रोखला. एमिलनं तोंड उघडलं. मिटलं. हॅट गोल फिरवली. "तुमच्या धुराड्याला..." तो म्हणाला.

"झाप्फ, आज धुराडी राहू देत!" चौथ्या घरातून कोणीतरी ओरडलं.

आणि एमिल वळला. शिडी खांद्यावर घेतली आणि कोपऱ्यावरून नाहीसा झाला. 'बरं मग' सुद्धा म्हणाला नाही.

आल्वीनानं खिडकी लावली. ती ट्रंकेवर बसली. तीन नवरदेव सांगायला नको होते, तिला वाटलं. एकच सांगितला असता तर माणूस भांडला तरी असता. तीन म्हटल्यावर कोणाचंही अवसान गळेल. केकला हात लावायची तिला इच्छा होईना. आपण आयुष्यात एकदाच हात हलवला आणि रेघ अशी वाकडी गेली, असं मनात येऊन तिचे डोळे भरून आले.

तेवढ्यात डोक्यावर कौलं वाजली.

धुराडेवाले ब्रश सोडण्याआधी धुराड्यात तोंड घालून हाक मारतात, म्हणजे खालची बाई चुलीचं दार बंद करते, नाहीतर घरभर काजळी. ती हाक एमिल गेली तीस वर्षं मारत होता. जमिनीवर मनातले दोन शब्द न बोलणारा हा माणूस छपरावर गेला की अख्ख्या गावाला ऐकू जाईल असा ओरडायचा. तोच आवाज आता चुलीतून आला.

"खाली कोण आहे?"

आल्वीना थंड चुलीसमोर गुडघ्यांवर बसली आणि तिनं चुलीचं दार बंद करायच्या ऐवजी उघडलं. "मीच आहे! दुसरं कोण असणार?"

"एकट्याच आहात?"

"एकटीच!"

"त्या तिघांपैकी कोणी नाही ना?"

"नाही हो!"

वरून मूठभर काजळी आली आणि तिच्या पांढऱ्या ॲप्रनवर पडली. मग आवाज आला, पण आता जरा थरथरत.

"मग ऐका. मी पन्नाशीचा आहे. रात्री घोरतो, असं आई म्हणायची. हातची काजळी कधीच पूर्ण निघत नाही, तुमच्या चादरी खराब होतील. पण छपरावरून मला सगळ्या गावाचा धूर दिसतो. सकाळी वर चढलो की आधी मी तुमचा बघतो. तो दिसला की मग कामाला लागतो. तुम्ही गेऱ्याला गेलात तर मी कुठे बघू?"

आल्वीनानं डोकं चुलीत आणखी आत घातलं आणि ओरडली, "ते झालं! काय विचारायचंय ते विचारा!"

"लग्न कराल का माझ्याशी?"

"करेल! करेल ती!" चुलीतून तिसराच आवाज आला. खालच्या मजल्याची चूल त्याच धुराड्याला जोडलेली होती.

"कोण ते?" एमिल वरून दचकून ओरडला.

"क्नोरबाई, तुमच्या चुलीचं दार लावा!" आल्वीना खाली ओरडली. मग वर तोंड करून, डोळ्यांत, नाकात काजळी घेत म्हणाली, "हो! करीन! खाली या आता, आणि कौलं बघून पाय टाका!"

तो उतरला तेव्हा ती दारात उभी होती, त्याच्याइतकीच काळी. तिच्या हातात खराटा होता, त्याच्या हातात क्नोरबाईंनी सुपडी दिली. दोघांनी झाडायला सुरुवात केली. वरून उशांवर टेकलेली आळी सूचना देत होती. तिकडे राहिलं, कोपऱ्यात बघा, नवरदेव, पाठ वाकवा जरा, खुर्चीवर बसून कॉफी पिण्याइतकं सोपं नाही ते. गोटलोबही आला. आता हा रीतसर लग्नातलाच कचरा असला तरी न्यायला हरकत नाही, असं ठरवून त्यानं गाडी लावली. अंधार पडेपर्यंत दोघं झाडत होती. केक आळीनं खाल्ला.

खरं काय ते एमिलला त्या दिवशी कोणीच सांगितलं नाही. आल्वीनाही सांगणार होती, पण तो इतक्या मनापासून झाडत होता की तिचा धीर झाला नाही.

सोमवारी सकाळी दोघं कचेरीत लग्नाची वर्दी द्यायला निघाली होती. एमिल रविवारच्या सुटात, आल्वीना टोपीत. दार उघडलं तर आळीत भाड्याची गाडी उभी. त्यातून हेर ल्युडेके उतरला, जमिनीकडे बघितलं आणि कर्ण्याशिवायच किंचाळला.

"माझा ढीग! माझा ढीग कुठे गेला?"

त्याच्यामागून एकेक करत तीन नवरदेव उतरले. कॉलर लावलेले, केसांना तेल लावलेले, हातात खराटे. तिसरा जाडा जपून, पाय फाकवून उतरला आणि गाडीतली उशी बरोबर घेऊन आला.

एमिलनं एकाकडे बघितलं, दुसऱ्याकडे बघितलं, जाड्याकडे बराच वेळ बघितलं. तोंडावर लावलेली पावडर बघितली. मागून तिपाईवरचा कॅमेरा उतरत होता तोही बघितला. मग तो आल्वीनाकडे वळला. तिनं हातमोज्याचं बटण घट्ट धरलं होतं. आता हा हॅट घालेल आणि निघून जाईल, असं तिला क्षणभर खरंच वाटलं.

"तीन म्हणालीस ते हे?"

"हेच."

"पण हे तर नट आहेत."

"मी कुठे म्हटलं नट नाहीत? तुम्ही कामधंदा विचारलाच नाहीत."

खिडक्यांमधल्या उशांवर कोणी हललं नाही.

"मग काल मी छपरावर चढलो, ओरडलो," तो सावकाश म्हणाला, "ते नक्की कोणाशी शर्यत लावून?"

"सकाळच्या गेऱ्याच्या गाडीशी," आल्वीना म्हणाली.

एमिलनं खिशातलं घड्याळ काढलं, बघितलं आणि त्याच्या घासून लाल केलेल्या चेहऱ्याचा रंग उडाला. त्यानं तिचा हात आपल्या काखेत घट्ट धरला आणि ल्युडेकेला, तिन्ही नवरदेवांना वळसा घालून तिला झपाझप कचेरीच्या दिशेनं चालवायला लागला.

"बाप रे," तो म्हणाला. "ती तर कधीच उशिरा येत नाही."